फुलांच्या अर्थाची पाटी

दवाखान्याच्या फाटकासमोर फुलांचं दुकान असलं की लोकांच्या डोक्यात फुलांबद्दल काय काय भरलेलं असतं ते बसल्या जागी कळतं. लाल आणि पांढरी एकत्र बांधू नका, रक्त आणि पट्टी आठवते. कुंडीतलं रोप नको, दुखणं मूळ धरतं. मोजून विषमच द्या, सम नकोत. एक गृहस्थ तर पिवळं काही म्हणता काही चालणार नाही म्हणून अडून बसले होते, कारण आत त्यांच्या सासूबाई काविळीनं पडल्या होत्या. त्यांचं मात्र कोणालाही पटलं असतं.

असल्या दुकानात आईनं चाळीस वर्षं काढली. सगळी गल्ली तिच्या लेकीला ताई म्हणते, तेव्हा आपणही ताईच म्हणू. ताई सेहेचाळीस वर्षांची. दहा वर्षांपूर्वी संसार मोडून, एक बॅग घेऊन ती परत आली, गल्ल्यामागच्या उंच स्टुलावर बसली आणि तिथेच रुळली. दुकानामागे एक लांब खोली, तिच्यात पत्र्यानं मढवलेलं टेबल. तिथं आई आणि तिची जुनी मैत्रीण, रिबीनमावशी, गुच्छ बांधत बसायच्या. मावशी खरं तर रिबिनी आणि कागद विकायला यायची, पण एकदा बसली की चार गुच्छ बांधल्याशिवाय उठायची नाही. पुढचं दुकान ताईचं आणि मागचं टेबल त्या दोघींचं, अशी वाटणीच पडून गेली होती.

गल्ल्यामागच्या भिंतीवर काचेच्या चौकटीत एक पाटी होती. वर ठळक अक्षरात ‘फुलांचे अर्थ’ आणि खाली हिरव्या शाईत, आईच्या ठाशीव अक्षरात, ओळीनं फुलं. ग्लॅडिओला: धीर धर. जर्बेरा: माझं चुकलं. ॲस्टर: पुन्हा प्रयत्न कर. निशिगंध: दार उघडंच आहे. शेवंती: अजून खूप जगायचं आहे. प्रत्येक फुलाखाली बारीक अक्षरात एकेक कहाणी, आणि त्यात शेवंतीची सगळ्यांत लांब. एका म्हातारीच्या दारात मरण येऊन उभं राहिलं. म्हातारी म्हणाली, येते रे बाबा, पण एवढ्या शेवंतीच्या पाकळ्या मोजून होऊ देत. मरण उंबऱ्यावर टेकलं. म्हातारी मोजतेय, शंभराच्या आसपास चुकतेय, परत एकपासून सुरुवात करतेय. मरण अजून तिथंच ताटकळत बसलंय म्हणे. ही कहाणी वाचली की आत पेशंटला भेटायला निघालेली माणसं हटकून शेवंती घ्यायची.

ताईला पाटी तोंडपाठ होती. तिचं सगळं लहानपणच त्या पाटीवर वाढलं होतं म्हणा ना. कारण आईचं तोंड काही गोड नव्हतं. पोरीला जवळ घे, डोक्यावरून हात फिरव, असलं काही तिला कधी जमलं नाही. पण ताई गणितात नापास झाली त्या संध्याकाळी तिच्या उशाशी ॲस्टरची दोन फुलं होती. आणि ती बॅग घेऊन परत आली तेव्हा पलंगावर निशिगंधाची दांडी होती. दार उघडंच आहे. ताई दुकानात आली, पाटीवरची ओळ पुन्हा एकदा वाचली आणि उभ्या उभ्या रडायला लागली. आई म्हणाली, “रडायचं तर मागे जाऊन रड, गिऱ्हाईक येईल.” ताईला त्याचं काहीच वाटलं नाही. तोंडानं काय म्हणायचं ते आईनं म्हणावं, खरं बोलणं फुलानं झालं होतं.

गिऱ्हाइकाच्या बाबतीत आईचा एक नियम होता. कोणी भलतंच फूल निवडलं, दोन दिवस तग धरणार नाही असं, तर एकदाच सांगायचं. ऐकलं तर ठीक, नाही तर मुकाट्यानं बांधून द्यायचं आणि पुढच्या बादलीकडे वळायचं. “आपलं काम सांगायचं,” ती म्हणायची, “माणूस त्यांचं आहे, त्यांना ठरवू दे.” दुसऱ्यांदा सांगताना तिला कोणी पाहिलं नाही.

चार महिन्यांपूर्वी गुच्छ बांधता बांधता आई खुर्चीवरून कलंडली. उजवी बाजू गेली आणि वाचा गेली. उरला फक्त एक ‘हं’. जेवण नको असलं तरी हं, ऊन डोळ्यांवर आलं तरी हं. बोलायला शिकवणाऱ्या बाई घरी यायच्या, त्यांनी मान हलवून हो-नाही सांगायची सवय लावून पाहिली. “तुमचं वय बारा आहे का?” आईनं मान डोलावली. “तुम्ही पुरुष आहात का?” आईनं जोरात मान डोलावली. बाईंनी ताईला बाजूला घेऊन सांगितलं की त्यांच्या होकारावर काही ठरवू नका. ताईला हसू आलं, पण ते टिकलं नाही.

मग एका सकाळी ताईनं आईची चाकांची खुर्ची मागच्या टेबलाशी नेऊन लावली, निदान ओळखीच्या वासात बसेल म्हणून. स्वतः डाव्या हाताला स्टूल घेऊन बसली. समोर ताज्या मालाच्या आणि कालच्या मालाच्या बादल्या. आई बराच वेळ नुसती बघत राहिली. मग तिचा डावा हात सावकाश उठला, बादलीत गेला, थोडा घुटमळला, आणि एक जर्बेरा उचलून तिनं ताईपुढे धरला. माझं चुकलं. आदल्या दिवशी भरवताना तिनं चमचा उडवून लावला होता आणि ताई नको ते बोलली होती. ताईनं दोन्ही हातांनी ते फूल घेतलं आणि आईच्या मांडीवर डोकं ठेवून ढसाढसा रडली. आईनं पुढचा जर्बेरा धरला. आणि मग आणखी एक. आई तीनदा माफी मागतेय असं वाटून ताईला आणखीच भरून आलं.

तेव्हापासून रोजचा क्रमच झाला. आईच्या छातीत कफ भरला त्या आठवड्यात ग्लॅडिओला: धीर धर. ताई दिलेलं प्रत्येक फूल बाटलीत घालून खिडकीत मांडायची. फुलं दुसऱ्या दिवशीच माना टाकायची, पण ताईचं तिकडे लक्ष नव्हतं. आई तिच्याशी बोलत होती. चाळीस वर्षांत बोलली नव्हती एवढं बोलत होती.

सोमवारी डॉक्टरीणबाईंनी समोर बसवून सांगितलं. आईला गिळता येत नाही, घास छातीत उतरतो, दोनदा न्यूमोनिया होऊन गेला, तिसरा सोसणार नाही. पोटातून नळी घातली तर वर्ष, कदाचित दीड वर्ष. बोलणं परत येणार नाही, हात परत येणार नाही. नाही घातली तर काही आठवडे, त्यात त्रास होऊ नये एवढं आम्ही पाहू. “शुक्रवारी अकरा वाजता मी फोन करीन. त्यांना काय हवं असतं, हे तुम्हीच सांगू शकाल,” त्या म्हणाल्या, आणि ताईच्या खांद्यावर हात ठेवून पुढच्या पेशंटकडे गेल्या. बाई चांगल्या होत्या. चांगल्या माणसांनी सांगितलं म्हणून ओझं हलकं होतं असं मात्र नाही.

परदेशातल्या भावाला फोन केला. त्यानं सगळं शांतपणे ऐकून घेतलं, दोन शंका विचारल्या आणि म्हणाला, “ताई, तुला योग्य वाटेल ते कर.” हे वाक्य ज्यानं कोणी शोधून काढलं त्याला एकदा गाठून चार शब्द सुनवायला हवेत. ताईनं “बरं” म्हणून फोन ठेवला.

मंगळवारी सकाळी तिनं दुकान उशिरा उघडलं. टेबलावर सहा बादल्या ओळीनं लावल्या, प्रत्येकीत वेगळं फूल. आईपुढे गुडघे टेकून बसली. “आई, नीट ऐक. डॉक्टर पोटात नळी घालायची म्हणतात. नळीनं जेवण जाईल. बोलता नाही यायचं, असंच बसून राहायचं. पण असशील. घालू का नळी? तूच सांग. मी तुझं ऐकेन.”

आईनं तिच्याकडे पाहिलं, मग बादल्यांकडे. डावा हात उठला. गुलाबावरून गेला, निशिगंधावर थांबला, पुढे सरकला, आणि पांढऱ्या शेवंतीचा एक देठ ओढून तिनं ताईपुढे धरला. अजून खूप जगायचं आहे. ताईचा जीव भांड्यात पडला. सोमवारपासून पहिल्यांदा ती पोटभर जेवली, आणि भावाला कळवूनही टाकलं की आईनं स्वतः सांगितलंय.

गुरुवारी दुपारी रिबीनमावशी आली. सत्तरी ओलांडलेली, पण जिभेला गंज नाही. कागदांची गुंडाळी टेबलावर टाकून ती आईच्या शेजारी बसली, तिच्या केसांतली पिन नीट केली आणि म्हणाली, “काय गं, तोंड बंद ठेवून बसलीस तर किती शहाणी दिसतेस.” आई ‘हं’ म्हणाली. मग मावशीनं ताईला विचारलं, “काय ठरलं?”

ताईनं उत्साहानं सगळं सांगितलं. जर्बेरा, ग्लॅडिओला, आणि शेवटी शेवंती. मावशी आधी हसली. मग ताईच्या चेहऱ्याकडे पाहिलं आणि तिचं हसू ओसरलं.

“तू त्या पाटीवरून वाचतेस?” मावशी म्हणाली.

“मग कशावरून वाचू?”

“अगं बाई,” मावशी म्हणाली, आणि रिबिनीचं टोक बोटाला गुंडाळू लागली. “ती पाटी आम्ही दोघींनी केली गं. इथंच, या टेबलावर. रस्ता खणला होता, आठ दिवस गिऱ्हाईक नाही, माल पडून. तुझी आई म्हणाली, प्रत्येक फुलाला काहीतरी अर्थ चिकटवू या म्हणजे खपेल. शेवंतीची तीन खोकी उरली होती. दवाखाना समोर, म्हणून म्हटलं, शेवंतीला आयुष्य देऊन टाकू. ती म्हातारी माझ्या डोक्यातली. पाकळ्या मोजायला नको लावूस, गिऱ्हाईक खरंच मोजत बसेल, असं तुझी आई म्हणत होती. मीच ऐकलं नाही. एका दिवसात तीन खोकी गेली.”

ताईला कोणीतरी पायाखालची फरशी काढून घ्यावी तसं झालं. “आणि निशिगंध?” तिनं विचारलं. “मी परत आले तेव्हा निशिगंध ठेवला होता तिनं. दार उघडंच आहे.”

“उरला असेल,” मावशी म्हणाली. मग तिला स्वतःचीच जीभ चावावीशी वाटली असावी. “हे बघ, चांगलं फूल ती विकायची. द्यायला तिच्याकडे उरलेलंच असायचं. पण उरलेलं सगळं टोपलीत जायचं, तुझ्या उशाशी तेवढं आलं ना? मला नाही हो कधी दिलं एक.”

ताईनं मान हलवली.

“आणि आता ती काय करते ते सांगू?” मावशी आवाज खाली आणत म्हणाली, जणू आई तिथं नव्हतीच. “ती माल निवडतेय गं. रोज सकाळी निवडायची तशी. एक सडका देठ राहिला की सगळ्या बादलीचं पाणी नासतं, म्हणून काढून टाकतेय. तू गल्ल्यावर बसायला लागलीस म्हणून विसरलीस. एवढीशी होतीस तेव्हा तूच नाही का तिच्या डाव्या हाताला टोपली घेऊन बसायचीस? ती फूल काढून तुझ्यापुढे धरायची आणि तू टाकायचीस. अजून तेच चाललंय.”

मावशी गेल्यावर ताई खिडकीपाशी गेली. बाटल्यांमधली फुलं एकेक करून बाहेर काढली. ग्लॅडिओलाच्या दांड्या खालून बुळबुळीत. शेवंतीचा देठ फुलाच्या बुडाशी तपकिरी झालेला, चिमटीत धरला तर पिचणारा. एकूण एक फूल गेलेलं होतं. महिनाभर ती आईनं टाकायला दिलेला कचरा पाण्यात घालून ठेवत होती. तिला आधी आईचा राग आला, मग मावशीचा, आणि शेवटी ज्याच्यावर काढावा असं कोणी उरलंच नाही. आईला काय हवंय हे सोमवारी जेवढं ठाऊक होतं तेवढंच गुरुवारी ठाऊक होतं, म्हणजे काहीच नाही. मधले दोन दिवस सुखाचे गेले, एवढाच काय तो फरक.

शुक्रवारी सकाळी दहाला तिनं आईला टेबलाशी बसवलं. पाटी आदल्या दिवशीच उतरवली होती, भिंतीवर चौकोनी पांढरा डाग राहिला होता. माळ्यावरून तिनं जुनी टोपली काढली, पुसली आणि आईच्या डाव्या हाताला, आपल्या पायाशी ठेवली. स्टुलावर बसली आणि काही न विचारता हात पुढे केला.

आईनं टोपलीकडे पाहिलं. मग ताईकडे. चार महिन्यांत तिच्या डोळ्यांत अशी ओळख दिसली नव्हती. तिनं बादली ओढली आणि कामाला लागली. फूल उचलायचं, फुलाच्या बुडाशी, मानेला, अंगठ्यानं दाबून बघायचं. घट्ट लागलं तर परत पाण्यात. मऊ लागलं तर ताईच्या हातावर. ताई टोपलीत टाकत होती. हात चुकत नव्हता, डोळा चुकत नव्हता. वय बारा आहे म्हणून मान डोलावणारी ही बाई एकही चांगलं फूल फुकट घालवत नव्हती आणि एकही वाईट ठेवत नव्हती. दोघींचा ताल जमला. सात वर्षांची असताना जमायचा तसाच.

पावणेअकराला शेवटची बादलीही निम्म्यावर आली. ताईला राहवलं नाही. “आई,” ती म्हणाली, “आत्ता फोन येईल. मी काय सांगू? मला काही कळत नाहीये गं. नळी घालू का नको?”

आईचा हात बादलीवर थांबला. मग तो बादलीत न जाता तिच्या स्वतःच्या मांडीवर गेला. मांडीवर तिचा उजवा हात पडला होता, चार महिने पडला होता तसा. डाव्या हातानं तिनं तो उचलला. मनगटाशी, बरोबर मानेच्या जागी, अंगठ्यानं दाबून बघितलं. एकदा. पुन्हा एकदा. आणि मग तो ताईच्या उघड्या तळहातावर ठेवला आणि टोपलीकडे पाहिलं.

ताईला कळलं. कळायला पाटी लागली नाही आणि मावशीही लागली नाही. जन्मभर जे बोलणं तिला हवं होतं ते आईनं आता केलं होतं, इतकं स्वच्छ की कानावर हात ठेवायची सोय नव्हती. आईनं स्वतःला निवडून बाजूला काढलं होतं आणि टाकायचं काम नेहमीप्रमाणे लेकीकडे दिलं होतं.

ताई तो हात धरून बसली. हात जड होता आणि कोमट होता. नखांच्या कडांना अजून हिरवट डाग होते, चाळीस वर्षांचे, कितीही घासले तरी न गेलेले. टोपली पायाशीच होती, वीतभर अंतरावर. तिनं मनात शब्दसुद्धा जुळवून पाहिले. नको, नळी नको, आईला नको आहे. साधे शब्द, डॉक्टरीणबाईंनी ऐकून घेतले असते, कोणी बोल लावला नसता. पण हे म्हणायचं म्हणजे हा हात सोडायचा, आणि तो तिच्यानं सुटेना.

अकरा वाजून दोन मिनिटांनी फोन वाजला. ताईनं एका हातानं उचलला, दुसऱ्या हातात आईचा हात तसाच.

“काय ठरलं?” डॉक्टरीणबाईंनी हळुवारपणे विचारलं. “त्यांना काय हवं असेल असं वाटतं?”

“घाला,” ताई म्हणाली. “घाला नळी.”

“त्यांचीही तीच इच्छा असेल, असं वाटतं ना तुम्हाला?”

“हो,” ताई म्हणाली. आयुष्यात इतकं सरळ खोटं ती कधी बोलली नव्हती, आणि ते आईच्या तोंडासमोर, तिचा हात हातात धरून बोलली.

तिनं फोन ठेवला. आई तिच्याकडे पाहत होती. त्या नजरेत राग असता तर ताईला बरं वाटलं असतं. पण आई फक्त पाहत होती, गल्ल्यापाशी उभ्या असलेल्या आणि सांगूनही न ऐकणाऱ्या माणसाकडे पाहायची तशी. “आई, मला नाही जमत गं,” ताई म्हणाली, “नाही जमत मला.” आईनं हं केलं नाही. डाव्या हातानं आपला उजवा हात ताईच्या मुठीतून सोडवून घेतला, मांडीवर नीट ठेवला, आणि निम्मी राहिलेली बादली जवळ ओढली.